घरात दोन मते

मराठी भाषेतील 'मत' हा शब्द मोठा गमतीचा आहे. एखाद्या गोष्टीविषयी माणसाच्या मनात जे असते तेही मत, आणि निवडणुकीच्या दिवशी तो जे देऊन येतो तेही मत. इंग्रजीने ह्या दोन वस्तूंना दोन निरनिराळी नावे ठेविली. आपल्या भाषेने दोघींचा संसार एकाच नावाखाली चालविला. ही काटकसर शहाणपणाचीच म्हणावयाची. पहिले मत असल्यावाचून दुसरे देण्यात अर्थ नाही, हे त्यात आपोआपच सांगितले गेले. परंतु आमच्या एकत्र कुटुंबांत हा शब्द फार दिवस दोन तोंडांनी बोलत आला आहे, आणि त्याच विषयी आज चार शब्द लिहावयाचे आहेत.

पहिल्या प्रकारच्या मतांचा आमच्या घरांत कधीच तुटवडा नसतो. आमटीत गूळ किती असावा, गणपती दीड दिवसाचा की पाच दिवसांचा, मुंजीला आचारी पुण्याचा बोलवावा की गावचाच बरा, ह्यांपैकी कोणताही प्रश्न काढा; बारा माणसांत तेरा मते निघतील, आणि तेराव्या मताचा धनी बहुधा दारावरून जाणारा शेजारी असेल. पण दुसऱ्या प्रकारच्या मताची वेळ आली की हेच घर एकाएकी एकमुखी होते. जुन्या वाड्यांतील म्युनिसिपालिटीच्या निवडणुका ज्यांनी ऐकल्या आहेत त्यांना हा देखावा ठाऊक असेल. उमेदवार ओसरीवर येऊन बसे, तबक पुढे होई, आणि सुपारी कातरता कातरता तो विचारी, 'घरात मते किती?' घरधनी भांडारातील पाट मोजावेत तसे उत्तर देई, 'नऊ. नऊही आपलीच समजा.' ह्या नवांपैकी पाच जणी त्या वेळी आत कोणी ताक घुसळीत, कोणी वाती वळीत असत. आपले काहीतरी नुकतेच ओसरीवर देण्यात आले, ह्याची त्यांना वार्ताही नसे.

असा एक वाडा आपण कल्पनेने डोळ्यांसमोर आणू, आणि त्या नवांत एक धाकटी सून चार इयत्ता अधिक शिकलेली आहे असे समजू. उमेदवाराची पाठ वळते न वळते तोच माजघराच्या दारातून हळूच शब्द येतो, 'मामंजी, नऊ नव्हेत. आठ.'

पुढे काय होते ते सांगावयास नाटककार नको. मामंजींना प्रथम वाटते, सुनेचा हिशेब कच्चा आहे. मग लक्षात येते की हिशेब पक्का आहे, आणि तेथेच खरा घोटाळा आहे. थोरले काका घराण्याच्या रीतीवर बोलू लागतात. सासूबाई म्हणतात, 'आमच्या वेळी हे असले नव्हते हो!' आणि ते अक्षरशः खरेही असते. सून म्हणते की, ह्या गृहस्थांच्या तीन वर्षांच्या कारभारात आपल्या आळीचा नळ पहाटे तीन वाजता येतो. तो भरावयास उठते मी, तेव्हा त्यांच्याविषयी मला मत असावे ह्यात नवल ते काय? ह्यावर सर्वांचे डोळे तिच्या नवऱ्याकडे वळतात. बिचारा बापाकडे पाहतो, बायकोकडे पाहतो, आणि एकाएकी त्याला आठवते की चपलेचा अंगठा शिवून आणावयाचा राहिला आहे. तो बाहेर पडतो. इतका वेळ कोपऱ्यात जप करीत बसलेल्या आजीबाई मात्र माळ थांबवून विचारतात, 'बाळ, ह्या नवांत माझे कोणाला दिलेस रे?'

ह्या प्रश्नाला उत्तर नसते. स्त्रियांच्या मताधिकाराचा सारा वाद, मग तो गल्लीतला असो की पार्लमेंटातला असो, शेवटी आजीबाईंच्या ह्या एका प्रश्नापाशी येऊन थांबतो.

स्त्रियांना मत देऊ नये म्हणून जी कारणे ठिकठिकाणी पुढे करण्यात आली त्यांत सर्वांत सोज्ज्वळ कारण 'घर फुटेल' हे होते. नवराबायको एकच, त्यांना मत एकच असावे, दोन झाली तर उंबऱ्याच्या आत भांडण शिरेल. विलायतेच्या कायद्याने तर ह्या तत्त्वाचा असा काही कीस काढला की वाचताना हसू आवरत नाही. तेथे १८६९ साली नगरपालिकांच्या निवडणुकीत कर भरणाऱ्या स्त्रियांना मत देण्याची मुभा मिळाली. पुढे प्रश्न निघाला की, ही मुभा लग्न झालेल्या बाईलाही आहे काय? १८७२ साली न्यायालयाने निवाडा दिला की, नाही. ती अविवाहितेला आणि विधवेला आहे, सवाष्णीला नाही. म्हणजे घराचा कर भरणारी प्रौढ कुमारिका सोमवारपर्यंत मतदार, मंगळवारी बोहल्यावर चढली की तिचे मत लोपले, आणि पुढे दैवाने घाला घातला तर कपाळ रिकामे झाल्याबरोबर ते परत आले! तेथील विवाहितांना स्थानिक निवडणुकांत काही अंशी मत मिळावयास १८९४ साल उजाडावे लागले.

आमच्या देशात ह्याच तर्काने नेमके उलटे तोंड केले. १९३५ च्या कायद्याने मतदार होण्याच्या ज्या पात्रता ठरविल्या, त्यांत स्त्रियांपुरती एक अशी होती की, नवऱ्याची मालमत्ता अमुक इतकी असली तर त्याच्या बायकोलाही मत मिळावे. विलायतेत लग्नाने मत गेले होते. येथे लग्नाने मत आले. दोन्हीकडे बाईची अक्कल तीच, घर तेच, चूलही तीच. फरक पडला तो केवळ नवरा असण्याने वा नसण्याने. कायदे करणाऱ्यांच्या डोळ्यांसमोर बाई नव्हतीच. त्यांच्यासमोर होता तो घरधनी, आणि त्याच्या मतास एक मत जोडावे की वजा करावे, एवढाच त्यांचा हिशेब होता.

'घर फुटेल' ह्या भीतीची परीक्षा मोठ्या मजेदार रीतीने झाली ती अमेरिकेत, कान्सस संस्थानातील अर्गोनिया नावाच्या एका खेड्यात. ही हकीकत आम्हांला सर्व मताधिकाराच्या इतिहासात फार आवडते. कारण तीत व्याख्याने नाहीत, मिरवणुका नाहीत. एक घर आहे, एक धुण्याचा दिवस आहे, आणि फसलेली एक थट्टा आहे.

कान्ससच्या विधिमंडळाने १८८७ च्या फेब्रुवारीत स्त्रियांना नगरपालिकांच्या निवडणुकांपुरते मत दिले. अर्गोनियाची वस्ती पाचशेच्याही आतली, आणि तेथील पहिली निवडणूक एप्रिलात येऊन ठेपली. गावात दारूबंदीसाठी झटणारा ख्रिस्ती महिलांचा एक संघ होता. हा संघ म्हणजे त्या काळच्या अमेरिकेतील फार मोठी संस्था. फ्रान्सिस विलर्ड ह्या तिच्या अध्यक्षा. मराठी वाचकांना तो अगदीच परका वाटावयास नको. आमच्या पंडिता रमाबाई १८८६ साली, आनंदीबाई जोशी ह्यांच्या पदवीदानाच्या निमित्ताने अमेरिकेस गेल्या त्या १८८८ पर्यंत तेथेच होत्या, आणि हा संघ त्यांनी जवळून पाहिला होता. १८८९ साली निघालेल्या त्यांच्या अमेरिकेच्या प्रवासवृत्तात तेथील स्त्रियांच्या स्थितीचे वर्णन त्यांनी आपल्या भगिनींसाठी मोठ्या आस्थेने केले आहे. ज्या फेब्रुवारीत कान्ससमध्ये हा कायदा झाला, त्याच महिन्याच्या २६ तारखेस इकडे पुण्यास आनंदीबाईंनी देह ठेविला. काळाची ही सांगड मनाला चटका लावून जाते.

असो. अर्गोनियातील संघाच्या बायांनी, आता मत मिळालेच आहे तर ते विचाराने द्यावे म्हणून, सभा भरवून आपल्या पसंतीच्या पुरुष उमेदवारांची यादी तयार केली. हे पाहून गावातील काही मंडळींच्या पोटात दुखू लागले. बायांनी मत द्यावे इथपर्यंत एक वेळ ठीक, पण त्यांनी याद्या कराव्यात! शिवाय दारूबंदीचा त्यांना मनापासून तिटकारा होता. तेव्हा अशा वीसेक गृहस्थांनी गुपचूप बैठक भरवून एक युक्ती काढली. बायांचीच यादी जशीच्या तशी घ्यावयाची, फक्त नगराध्यक्षाच्या जागी संघातील एका बाईचे नाव घालावयाचे. संघाच्या बायकांवाचून तिला कोण मत देणार? पंधरावीस मते पडतील, सारे गाव खो खो हसेल, आणि राजकारणात नाक खुपसण्याची बायांची हौस एका दिवसात फिटेल. अर्ज, माघार असले सोपस्कार तेव्हा नव्हते. मतपत्रिका ज्याने त्याने छापून आणाव्यात अशी रीत होती, त्यामुळे बाईला कळविण्याचीही गरज पडली नाही.

नाव निवडले ते सुसाना सॉल्टर हिचे. वय २७ वर्षे, पदरी लहान मुले. तिचे वडील ऑलिव्हर किन्सी हे ह्याच गावचे पहिले नगराध्यक्ष. सासरे मेल्व्हिल सॉल्टर हे पूर्वी कान्ससचे उपराज्यपाल. नवरा लुइस हा वकिलीच्या मार्गावर. म्हणजे सासर-माहेर दोन्हीकडे राजकारण पाचवीला पुजलेले. पण ते पुरुषांचे.

निवडणुकीच्या दिवशी, ४ एप्रिल रोजी, लुइससाहेब सकाळीच मत देण्यास गेले. मतपत्रिका हाती घेतली आणि पाहतात तो नगराध्यक्षाच्या जागी आपल्याच कुटुंबाचे नाव! वाचकांनी क्षणभर त्या गृहस्थाच्या जागी स्वतःस कल्पावे. सासरा नगराध्यक्ष होऊन गेला, बाप उपराज्यपाल होऊन गेला. आता आपली पाळी कधी, असा विचार मनात येण्याचे त्याचे वय. आणि छापून आले ते बायकोचे नाव, तेही थट्टेने! त्याला राग आला ह्यात आश्चर्य नाही. रागाचे हक्काचे कारण त्याला होते.

इकडे गावातील एका पक्षाच्या प्रमुखाने हा डाव ओळखून काही माणसे तिच्या घरी पाठविली. ती गेली तेव्हा सुसानाबाई धुणे धूत होत्या. पाहुण्यांनी झाला प्रकार सांगितला आणि विचारले, 'निवडून आलात तर काम कराल काय?' तिने नवऱ्यास विचारून सांगते असे म्हटले नाही, 'अगबाई' असेही म्हटले नाही. 'करीन' म्हणाली. मग दिवसभर गावात चक्रे फिरली. संघाच्या बायांनी आपला ठरलेला उमेदवार बाजूला ठेवून तिलाच मते द्यावयाचे ठरविले. दुपारी ती स्वतःही आईवडिलांबरोबर मत देऊन आली. संध्याकाळी मोजणी झाली. थट्टेखातर उभी केलेली बाई दोनतृतीयांश मतांनी नगराध्यक्ष झाली होती. अमेरिकेतील कोणत्याही नगरात स्त्री त्या पदावर निवडून येण्याची ही पहिलीच वेळ मानतात.

ह्या थट्टेचे गणित कोठे चुकले ते पाहण्यासारखे आहे. त्या वीस गृहस्थांनी गृहीत धरले होते की, बाईचे नाव म्हणजेच विनोद. ते वाचून पुरुष हसतील आणि बाया लाजतील. पुरुष हसले असतील. पण नळ, रस्ता, दारूचे दुकान ह्यांविषयी ज्यांना खरोखरच मत होते त्यांनी ते मुकाट्याने देऊन टाकले, आणि त्यांत पुरुषही पुष्कळ होते. नाहीतर दोनतृतीयांशांचा आकडा भरता ना.

आता 'घर फुटेल' ह्या भविष्याचे काय झाले? सॉल्टरांचे घर फुटले नाही. लुइससाहेबांचा राग ओसरला, आणि पुढे आपण 'नगराध्यक्षीणबाईंचे यजमान' आहो असे ते स्वतःच थट्टेने सांगू लागले. बाईंनी पहिल्या सभेत सभासदांना साध्या शब्दांत सांगितले की, निवडून आलेले कारभारी तुम्ही आहा. मी केवळ अध्यक्षस्थानी बसणारी आहे. एका सभेला न्यूयॉर्कच्या वृत्तपत्राचा बातमीदार मुद्दाम आला होता. त्याने रिवाजाप्रमाणे तिच्या पोशाखाचे आणि टोपीचे वर्णन केलेच. पण विषय सोडून कोणी बोलू लागला की ती त्याला जागच्या जागी थांबविते, हेही त्याला नमूद करणे भाग पडले. वर्षभरात तिला एक अपत्यही झाले. पगार सबंध वर्षाचा मिळून एक डॉलर. मुदत संपल्यावर ती पुन्हा उभी राहिली नाही, घरी गेली. गाव बुडाले नाही, आणि गावाचा स्वर्गही झाला नाही. पुढे ती ओक्लाहोमात जाऊन राहिली आणि १९६१ साली, १०१ वर्षांची होऊन वारली. कान्ससमध्ये स्त्रियांना सर्व निवडणुकांत मत मिळाले १९१२ साली आणि सबंध अमेरिकेत १९२० साली. ते दोन्ही तिने पाहिले.

आम्हांला ह्या गोष्टीतील सर्वांत मोलाचा भाग वाटतो तो हा की, तिच्या कारकिर्दीत विशेष असे काही घडले नाही. स्त्रीने कारभार केला तर प्रलय होईल असे म्हणणारे जसे चुकले, तसे रामराज्य होईल असे म्हणणारेही चुकले. गावचा कारभार हा मुळी घरच्या कारभाराचाच शेजारी आहे. पाणी, केर, दिवे, शाळा, आजार, बाजार. ह्या साऱ्यांचा त्रास ज्यांना पहिल्याने होतो त्यांना त्यांविषयी मत असावयाचेच. ते विचारले जाते की नाही, एवढाच प्रश्न.

पण घरातील विरोध नेहमी पुरुषांचाच असतो असे समजणे हा पुरुषांवर अन्याय होईल, आणि आमच्या समाजाच्या इतिहासाशी अप्रामाणिकपणाही. रमाबाई रानडे ह्यांनी आपल्या आठवणींत लिहून ठेविले आहे की, त्यांच्या इंग्रजी शिकण्याला खरा जाच झाला तो घरातल्या वडीलधाऱ्या बायकांचा. शिकवणारा नवराच होता. टोमणे मारणारे माजघर होते. त्या माजघरालाही दोष देववत नाही. ज्या घरात बाईला सत्ता मिळावयाची ती फक्त वयाने, आणि तीही दुसऱ्या बाईवर, त्या घरात धाकटीच्या हाती पुस्तक आले की थोरलीचे आसन डळमळावयाचेच. पण गंमत पाहा. जी सून दिवसा बोलणी खाऊन रात्री इंग्रजीचे धडे गिरवीत होती, तीच पुढे १९२१ च्या सुमारास मुंबई इलाख्यातील स्त्रियांच्या मताधिकाराच्या चळवळीत अग्रभागी उभी राहिली. १९१९ च्या सुधारणा कायद्याने स्त्रियांना मत देण्याचा प्रश्न ज्या त्या इलाख्याच्या विधिमंडळावर सोपविला होता. मुंबई इलाख्याने तो १९२१ साली स्त्रियांच्या बाजूने सोडविला. त्यानंतर थोड्याच दिवसांत, १९२३ साली, मुंबईच्या महापालिकेत सरोजिनी नायडू, अवंतिकाबाई गोखले ह्यांसारख्या स्त्रिया निवडून येऊन बसल्या. १९२४ साली रमाबाईंनी इहलोक सोडला. एवढे त्यांच्या डोळ्यांदेखत घडले होते.

मताचा हक्क कागदावर मिळाला तरी घराच्या उंबऱ्यावर तो कसा अडखळतो, ह्याचे एक उदाहरण सबंध देशाने पाहिले आहे. स्वतंत्र भारताची पहिली सार्वत्रिक निवडणूक १९५१-५२ साली झाली. प्रत्येक प्रौढ स्त्रीपुरुषाला मत. मालमत्तेची अट नाही, नवऱ्याची नाही, शिक्षणाची नाही. याद्या करणारे कारकून दारोदार फिरले. बाईंचे नाव विचारले की उत्तर येई, 'अमक्याची आई', 'तमक्याची बायको'. नाव सांगावयाचे नाही! निवडणूक आयुक्त सुकुमार सेन ह्यांनी असे नाव यादीत चालणार नाही असे ठरविले, आणि सुमारे ८ कोटी स्त्री-मतदारांपैकी जवळजवळ २८ लाख नावे गाळावी लागली. हा प्रकार मुख्यतः बिहार, उत्तर प्रदेश, मध्य भारत, राजस्थान इकडचा. म्हणून आम्ही महाराष्ट्रीयांनी फार शेखी मिरवावी असे नाही. आमच्या आज्या उखाण्यावाचून नवऱ्याचे नाव घेत नसत. आणि आपले स्वतःचे माहेरचे नाव लग्नात तांदळावर पुसले गेले ते कित्येकींना पुन्हा कोणी विचारलेही नाही. नाव गेले की मत गेले, हे त्या २८ लाखांनी शिकविले.

पुढे १९९३ सालापासून ७३ व्या आणि ७४ व्या घटनादुरुस्त्यांनी पंचायतींत व नगरपालिकांत एकतृतीयांश जागा स्त्रियांसाठी राखून ठेविल्या, आणि महाराष्ट्राने २०११ साली हे प्रमाण निम्म्यावर नेले. आता थट्टेने कोणाचे नाव छापण्याचे कारण उरले नाही. नाव छापावेच लागते. तेव्हा घराने नवी युक्ती काढली. बाई सरपंच झाली की तिच्याबरोबर एक 'सरपंचपती' निपजतो. हा शब्द कोणत्याही कायद्यात नाही, पण गावोगाव तो सर्वांना समजतो. सही बाईंची, आवाज यजमानांचा. खुर्ची बाईंची, टेकून बसणारे यजमान. लुइस सॉल्टर आपल्याला नगराध्यक्षीणबाईंचे यजमान म्हणवीत, पण ते थट्टेने. खुर्चीवर बसत असे ती बायको. आमच्याकडे कित्येक ठिकाणी थट्टा खुर्चीवरच्या बाईची होते, आणि कारभार गंभीरपणे यजमान करतात.

ह्यावर सुशिक्षित घरे म्हणतील, 'हे खेड्यातले. आमच्याकडे असे नाही.' आम्ही विनयपूर्वक विचारतो, खरोखरच नाही? ओसऱ्या गेल्या, वाडे पडले, त्या जागी इमारती आल्या. पण निवडणुकीच्या आदल्या आठवड्यात दार वाजते, बाहेरचा गृहस्थ हातातील यादी पाहून 'आपल्याकडे पाच ना?' म्हणतो, आणि आतून कोणी एकच आवाज 'हो, पाचही' म्हणतो. त्या पाचांत पदवीधर सून असते, नोकरी करणारी लेक असते, आणि वर्तमानपत्र पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत वाचणारी सासूही असते. कोणी कोणावर जुलूम करीत नाही. फक्त विचारावयाचे राहून जाते. जुलमापेक्षा हे राहून जाणेच अधिक टिकाऊ असते, कारण त्याच्याविरुद्ध भांडावयास कोणी सापडत नाही.

म्हणून आमची वाचकांना दोन साध्या गोष्टींची विनंती आहे. पहिली ही की, निवडणुकीपूर्वी घरात ह्या विषयावर खुशाल भांडावे. जेवताना भांडावे, चहाच्या वेळी भांडावे. आमटीच्या गुळावर आपण भांडतो आणि तरीही त्याच पंक्तीला जेवतो, तेव्हा गटारीच्या प्रश्नावर भांडल्याने काही अधिक बिघडणार नाही. सासूबाईंनी सुनेला पुसावे, 'तुला काय वाटते गं?' आणि सुनेनेही, सासूबाईंना ह्यातले काय कळणार असे मनात न धरता, त्यांना तोच प्रश्न विचारावा. चाळीस वर्षे ज्या बाईने ह्या गावचे पाणी भरले तिला गावच्या कारभाऱ्यांविषयी पुष्कळच ठाऊक असते.

दुसरी विनंती अशी की, मतदानाच्या दिवशी संध्याकाळी कोणी कोणास 'कोणाला दिलेस?' असे पुसू नये. मत गुप्त ठेविण्याची व्यवस्था कायद्याने केली ती केवळ गुंडांपासून वाचविण्यासाठी नाही. प्रेमाच्या माणसांचा शब्द मोडवत नाही हे कायदे करणाऱ्यांनाही ठाऊक होते. नवऱ्यापासून, सासऱ्यापासून, आणि काही घरांत आईपासूनही, माणसाला दोन मिनिटे एकटे उभे राहता यावे एवढ्यासाठी तो आडोसा केलेला आहे. त्या दोन मिनिटांत बाईने काय केले हे तिचे तिला ठाऊक असावे. बाहेर आल्यावर तिने भाजी घेऊन घरी जावे, आणि घरच्यांनी भाजी काय भावाने मिळाली एवढेच विचारावे.